सीगिरिया आणि दांबुला एकाच दिवशी?
श्रीलंकेत आठ-दहा जणांची टूर असेल तर सीगिरिया (उंच कातळावरचा प्राचीन किल्ला) आणि दांबुला (बौद्ध गुंफामंदिरं) एका दिवसात आरामात होतं, असं बरेचदा म्हटलं जातं. होतं, पण क्रम नीट लावला तरच. बरेच जण सकाळी कोलंबोहून निघून वाटेतलं दांबुला आधी उरकतात आणि भर दुपारी सीगिरियाला चढवतात. सुमारे १२०० पायऱ्या, वर सावली जवळपास नाहीच. भित्तिचित्रांकडे जाणारा लोखंडी गोल जिना अरुंद आहे, गर्दी झाली की तिथेच रांग तुंबते. म्हणून आदल्या रात्रीचा मुक्काम सीगिरियाजवळच हवा, म्हणजे सकाळी ७ ला गेटवर पोचता येतं. सिंहाच्या भल्यामोठ्या पंज्यांच्या शिल्पापाशी कड्यावर मधमाश्यांची पोळी असतात. तिथे आरडाओरडा नको, उग्र अत्तर तर नकोच.

दांबुला मग चार वाजता. तिथे मंदिराच्या दाराशी चपला काढाव्या लागतात आणि दुपारी कातळ असा तापतो की जाड मोजे घेतलेलेच बरे. गुडघे झाकणारे कपडेही हवेत. बुद्धमूर्तीकडे पाठ करून सेल्फी काढणं तिथे अपमान समजतात. चांगला गाइड हे बसमध्येच सांगतो.