मदत हवी आहे: १९३४ चा विमान कायदा रद्द झाल्यावर सांबऱ्याभोवतीच्या जुन्या एनओसी कोणत्या आधारावर उभ्या आहेत?

पूर्वभाग_बेळगाव (धागाकर्ता)

नमस्कार. मी बेळगावच्या पूर्व भागात घरांचे नकाशे तयार करण्याचे काम करतो. सांबरा, मुतगा, निलजी, बाळेकुंद्री, मोदगा या गावांत शेतवडीत आता घरे, गोदामे आणि दोन-तीन मजली इमारती उभ्या राहत आहेत, आणि बेळगावचे सांबरा विमानतळ हाकेच्या अंतरावर असल्यामुळे त्यांतील बऱ्याच नकाशांना उंचीची एनओसी (ना-हरकत प्रमाणपत्र) लागते. ही एनओसी ज्या कायद्याखाली मिळते तो कायदाच बदलल्यामुळे लोकांत संभ्रम आहे. तो दूर करण्यासाठी मराठीत दोन पानांचे माहितीपत्रक तयार करून ग्रामपंचायतीत आणि वाचनालयात लावण्याचा माझा विचार आहे. ते लोक खरे मानून चालतील, म्हणून छापण्यापूर्वी येथील जाणकारांकडून तपासून घ्यावेसे वाटते.

प्रकरण असे आहे. एका शेतकरी कुटुंबाने २०१९ मध्ये एनओसी घेऊन घर बांधायला काढले, परंतु पैशाअभावी वरचा मजला राहून गेला. पत्रावरील मुदत अजून संपलेली नाही. आता स्लॅब घालण्यासाठी परवानगी मागायला गेल्यावर एका कार्यालयात त्यांना तोंडी सांगण्यात आले की, पत्रावर १९३४ च्या विमान कायद्याचा उल्लेख आहे, तो कायदा रद्द झाला आहे, सबब पत्रही बाद झाले. लेखी काहीही दिले नाही. घरातील वडीलधाऱ्यांनी ते पत्र प्लास्टिकच्या पिशवीत जपून ठेवले आहे आणि ते आता नुसता कागद उरले की काय, या काळजीने ते माझ्याकडे आले.

मला समजलेला क्रम पुढे मांडतो. मूळ अधिनियम १९३४ चा. त्याच्याखालचे विमान नियम १९३७ चे. विमानतळाभोवती इमारती आणि झाडे यांच्या उंचीवर निर्बंध घालण्याचा केंद्र सरकारचा अधिकार मूळ कायद्यात नव्हता. १९७२ च्या दुरुस्तीने कलम ९-ए घातले गेले आणि विमानतळाच्या संदर्भबिंदूपासून जास्तीत जास्त वीस किलोमीटर त्रिज्येपर्यंत हा अधिकार सरकारला मिळाला. (कलमाच्या आकड्यामागे अक्षर दिसले की ते कलम नंतर आले आहे, हे मला नकाशांच्या कामातच उमगले.) या अधिकाराखाली अधिसूचना निघत राहिल्या, १४ जानेवारी २०१० च्या अधिसूचनेची जागा ३० सप्टेंबर २०१५ च्या उंची-निर्बंध नियमांनी घेतली आणि त्या नियमांतही डिसेंबर २०२० मध्ये दुरुस्ती झाली. शेवटी भारतीय वायुयान अधिनियम, २०२४ आला, त्याने १९३४ चा कायदा रद्द केला आणि तो १ जानेवारी २०२५ पासून अमलात आला.

माझी अडचण येथे आहे. फांदी तोडली तर त्या फांदीवरचे घरटेही खाली येते. तसे मूळ अधिनियम गेल्यावर त्याच्या कलम ९-ए वर टेकलेले नियम आणि त्या नियमांवर टेकलेली एनओसी गेली, असेच सामान्य माणसाला वाटणार. कायद्यात तसे होत नाही, असे मी ऐकून आहे, परंतु कोणत्या तरतुदीमुळे होत नाही, हे मला माहितीपत्रकात नेमके लिहायचे आहे. दुसरे असे की, १९३४ च्या कायद्याच्या २०२० च्या दुरुस्ती अधिनियमाने दंडाची कमाल मर्यादा दहा लाखांवरून एक कोटी झाली, हे वाचून काही घरमालक घाबरले आहेत. जुन्या बांधकामालाही हा वाढीव दंड लागू होतो का? आणि तिसरे, दुरुस्त्या मिळवून घेतलेला मजकूर वाचावा की दुरुस्ती अधिनियम वेगळे वाचावेत? मी २०२० चा दुरुस्ती अधिनियम उघडला, तर त्यात अमुक कलमात अमुक शब्दांऐवजी तमुक शब्द घालावेत, एवढीच वाक्ये. मूळ कायदा शेजारी ठेवल्याखेरीज त्यातून काहीही हाती लागत नाही.

कृपया मार्गदर्शन करावे.

टिळकवाडी

आपण काळजीपूर्वक विचारले आहे, म्हणून मीही थोडे सविस्तर लिहिते. माझा वकिलीशी संबंध आहे, परंतु हे सल्लापत्र नव्हे. या कुटुंबाची कागदपत्रे मी पाहिलेली नाहीत.

आपल्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर दोन ठिकाणी आहे. एक खुद्द २०२४ च्या अधिनियमातच आहे. त्यात निरसन आणि व्यावृत्तीचे कलम आहे, म्हणजे जुना कायदा रद्द करतानाच त्याखाली झालेले काय टिकेल, हे सांगितले आहे. दुसरे ठिकाण जनरल क्लॉजेस अॅक्ट, १८९७, म्हणजे केंद्रीय कायदे कसे वाचावेत याचे सर्वसाधारण नियम सांगणारा कायदा. त्याचे कलम २४ असे सांगते की, एखादा केंद्रीय कायदा रद्द होऊन त्याच विषयावर बदलांसह किंवा बदलांविना पुन्हा केला गेला, तर जुन्या कायद्याखालील नेमणुका, अधिसूचना, आदेश, नियम, नमुने हे सर्व नव्या कायद्याशी विसंगत नसेल तितपत चालू राहते आणि नव्या कायद्याखालीच केले आहे असे मानले जाते. सरकार त्याजागी दुसरे काही आणीपर्यंत ही स्थिती राहते. इमारती व झाडांवरील निर्बंधाचा अधिकार नव्या अधिनियमातही आहे. त्यामुळे २०१५ चे नियम केवळ १९३४ चा कायदा गेला म्हणून कोसळत नाहीत. १९३७ चे विमान नियमही याच आधारावर पुढे चालत आले.

त्याच कायद्याचे कलम ८ सुद्धा माहितीपत्रकात अवश्य घ्यावे. रद्द होऊन पुन्हा केलेल्या कायद्याचा उल्लेख दुसऱ्या एखाद्या कायद्यात किंवा दस्तऐवजात राहिला असेल, तर तो उल्लेख नव्या कायद्यातील संबंधित तरतुदीचा समजून वाचायचा असतो. पत्रावर १९३४ छापले आहे एवढ्यावरून ते बाद ठरवणे बरोबर नाही. पत्र बाद होण्याची कारणे वेगळी असतात: मुदत संपणे, पत्रातील अटी मोडणे, चुकीची माहिती देऊन ते मिळवलेले असणे, किंवा सक्षम अधिकाऱ्याने ते रद्द करणे. यांपैकी एकही कारण नसेल, तर त्या कुटुंबाने तोंडी उत्तरावर परत न फिरता लेखी अर्ज द्यावा, त्याची पोच घ्यावी आणि कोणत्या तरतुदीनुसार पत्र अमान्य केले, हे लेखी मागावे.

दंडाविषयी संविधानाचा अनुच्छेद २० स्पष्ट आहे. कृत्य घडले त्या वेळी लागू असलेल्या कायद्यात सांगितलेल्या शिक्षेपेक्षा जास्त शिक्षा नंतरच्या दुरुस्तीने देता येत नाही. २०१८ मध्ये पूर्ण होऊन संपलेल्या उल्लंघनाला २०२० ची वाढीव मर्यादा लावता येणार नाही. मात्र यातून जुन्या बांधकामाला अभय मिळाले, असा अर्थ कोणी काढू नये. विमानांना धोका असलेली उंची कमी करण्याचा आदेश ही शिक्षा नव्हे. तो स्वतंत्र अधिकार आहे आणि उल्लंघन चालूच असेल तर ते नव्या काळातही मोजले जाईल. तसेच जुन्या कायद्याच्या काळात सुरू झालेली कारवाई, तो कायदा रद्द झाला म्हणून आपोआप थांबत नाही. जनरल क्लॉजेस अॅक्टचे कलम ६ तिला जिवंत ठेवते.

आणि एक गोष्ट, जी लोकांना सहसा कोणी सांगत नाही. जुन्या अधिनियमात कलम ९-ए च्या पाठोपाठ ९-बी होते: निर्बंधाच्या आदेशामुळे एखाद्याचे नुकसान झाले, तर भरपाई देण्याची तरतूद. नव्या अधिनियमातही भरपाईची तरतूद आहे. पूर्वीपासून उभे असलेले बांधकाम किंवा झाड कमी करण्याचा आदेश आला, तर त्या माणसाने हे कलम वाचायला हवे.

निपाणीकर

वरील उत्तरात भर घालतो, कारण आपल्या सीमाभागात एक वेगळीच गफलत होते आणि ती माहितीपत्रकात शिरू नये असे वाटते.

मूळ अधिनियम एकच असला तरी दुरुस्त्या कोणी केल्या, यावर लागू मजकूर ठरतो. १ नोव्हेंबर १९५६ ला बेळगाव जिल्हा मुंबई राज्यातून तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेला. राज्य पुनर्रचना अधिनियमाच्या कलम ११९ मुळे मुंबई राज्याचे कायदे येथे लगेच संपले नाहीत. सक्षम विधिमंडळ वेगळे काही करीपर्यंत ते चालू राहिले. मुंबई सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, १९५० हे त्याचे ठळक उदाहरण. आपल्याकडील जुन्या संस्थांच्या नोंदणीपत्रांवर हेच नाव आढळते. परंतु १९५६ नंतर पलीकडे मुंबई आणि पुढे महाराष्ट्र विधिमंडळाने केलेल्या दुरुस्त्या आपल्याला लागू होत नाहीत, कर्नाटकाने केलेल्या होतात. कोल्हापुरात घेतलेले छापील पुस्तक येथे उघडून बसणारे विश्वस्त मी पाहिले आहेत. कलमाचा आकडा तोच, मजकूर मात्र वेगळा निघतो आणि अर्ज अडकतो.

विमान वाहतुकीचे तसे नाही. संविधानाच्या सातव्या अनुसूचीतील संघसूचीची नोंद २९ हवाई मार्ग, विमाने, हवाई दिक्चालन आणि विमानतळ हे विषय संसदेकडे देते. म्हणून सांबऱ्याला आणि कोल्हापूरच्या उजळाईवाडीला अधिनियम एकच, दुरुस्ती एकच, आणि ती एकाच दिवशी अमलात येते. मात्र बांधकामाचा परवाना, जमिनीचा बिगरशेती वापर, पंचायत किंवा बुडा (बेळगाव नगरविकास प्राधिकरण) यांच्याकडील नकाशामंजुरी हे सर्व कर्नाटकाच्या कायद्याखाली चालते. एका घराच्या फाइलमध्ये दोन्ही प्रकारचे कायदे असतात, आणि केंद्राच्या एनओसीमुळे राज्याचा परवाना मिळाला असे होत नाही, की राज्याच्या परवान्याने एनओसी टळत नाही. हे वाक्य आपल्या पत्रकात ठळक अक्षरांत घ्यावे, अशी माझी विनंती आहे.

मार्कंडेयकाठ

मी मोजणीचे काम करतो, म्हणून कायद्याबद्दल न बोलता त्या पत्रातील आकड्याबद्दल लिहितो. एनओसीवर जी उंची असते ती जमिनीपासूनची नसते, समुद्रसपाटीपासूनच्या माथ्याची असते. सांबऱ्याची धावपट्टी समुद्रसपाटीपासून सुमारे साडेसातशे मीटर उंचीवर आहे. धावपट्टीच्या भोवतीच्या ठरावीक भागात, तिच्या उंचीच्या वर ४५ मीटरवर एक आडवी काल्पनिक पातळी धरतात. हा शिकागो कराराच्या (नागरी विमान वाहतुकीचा आंतरराष्ट्रीय करार) १४व्या परिशिष्टातून आलेला मापदंड आहे. समजण्यापुरते ७५८ अधिक ४५, म्हणजे ८०३ मीटर धरा. ज्याची जागा ७६० वर आहे त्याला त्रेचाळीस मीटर मिळतात, आणि त्याच गावात माळावर ७८० वर असलेल्या माणसाला तेवीस. धावपट्टीच्या टोकासमोरच्या पट्ट्यात हिशेब याहून कडक असतो, कारण तेथे पातळी आडवी नसून उतरती धरतात. पाण्याची टाकी, जिन्याची खोली, मोबाइलचा अँटेना, सगळे माथ्यात मोजले जाते.

त्या कुटुंबाने पत्रातील अक्षांश-रेखांश आणि जागेची उंची प्रत्यक्ष जागेशी जुळते का, हे पाहून घ्यावे. पत्र कायद्याने टिकले आणि मोजणीत पडले, असे होऊ शकते.

पूर्वभाग_बेळगाव (धागाकर्ता)

तिघांचेही मनापासून आभार. कलम २४ आणि कलम ८ यांचा आधार मला हवाच होता. निपाणीकरांनी सांगितलेली एका फाइलमधील दोन प्रकारच्या कायद्यांची गोष्ट मी पत्रकाच्या पहिल्या पानावर घेत आहे, कारण गावात तंटा नेमका तेथेच होतो. मोजणीचे उदाहरणही घेतो, मात्र आकडे उदाहरणादाखल आहेत आणि प्रत्येकाने आपल्या जागेसाठी वेगळा अर्ज करावा, असे सोबत लिहितो. त्या कुटुंबाला लेखी अर्जाचा मसुदा करून दिला आहे. पत्राची छायांकित प्रत त्याला जोडली असून मूळ पत्र घरीच ठेवण्यास सांगितले आहे.

माझा तिसरा प्रश्न तेवढा राहिला. दुरुस्त्या मिळवलेला मजकूर वाचला तर पुरते का? शिवाय जून २०२५ मध्ये अडथळे पाडण्याविषयीच्या नव्या नियमांचा मसुदा प्रसिद्ध झाला, तो व्हॉट्सअॅपवर कायदा म्हणूनच फिरतो आहे. त्याविषयी पत्रकात काय लिहावे?

टिळकवाडी

रोजच्या वापरासाठी दुरुस्त्या मिळवलेला मजकूरच वाचावा, परंतु त्यावर तो कोणत्या तारखेपर्यंतचा आहे हे पाहावे आणि तळटिपा सोडू नयेत; कोणते शब्द कोणत्या वर्षीच्या अधिनियमाने आले, हे तेथेच कळते. दुरुस्ती अधिनियम वेगळा काढून पाहावा लागतो तो वाद तारखेचा असेल तेव्हा. त्यातही संमतीची तारीख आणि अमलात येण्याची तारीख वेगळी असू शकते. २०२४ च्या अधिनियमाला राष्ट्रपतींची संमती डिसेंबर २०२४ मध्ये मिळाली आणि अंमल जानेवारी २०२५ पासून झाला. एक धोक्याची सूचना: जुने दुरुस्ती अधिनियम मधूनमधून निरसन कायद्याने पुस्तकातून काढून टाकले जातात. तसा उल्लेख दिसला म्हणून त्यांनी केलेली दुरुस्ती गेली असे समजू नये. जनरल क्लॉजेस अॅक्टच्या कलम ६-ए नुसार, उलट हेतू दिसत नसेल तर, मूळ अधिनियमात एकदा मिसळलेला बदल तसाच राहतो.

मसुद्याबद्दल पत्रकात एवढेच लिहावे की, मसुदा हा हरकती आणि सूचना मागवण्यासाठी असतो, आणि अंतिम नियम राजपत्रात प्रसिद्ध होऊन अमलात येईपर्यंत त्याच्या आधारे कोणाचीही भिंत पाडता येत नाही. पत्रक छापायला देण्याच्या दिवशी राजपत्र पुन्हा एकदा पाहा आणि त्या दिवसाची तारीख पत्रकाच्या वरच्या बाजूला घाला.