अल्टियर मिल्कोविच: आर्क ऑफ टाइमच्या मर्यादा आणि ‘लास्ट एजेस’चं एक मिनिट

सांजसावली

‘फेअरी टेल’ या जपानी मांगामधल्या (चित्रकथेतल्या) अल्टियरचा जीवनपट क्रमवार लिहून काढतेय आणि तीन ठिकाणी गाडी अडलीय. तिला गिल्डची (जादूगारांच्या संघटनेची) प्रमुख म्हणायचं का? तिची काळ फिरवणारी जादू, आर्क ऑफ टाइम, सजीवांवर चालत नाही, मग तेनरोउ बेटावरचं झाड पुन्हा कसं उभं राहिलं, आणि सेकंड ओरिजिन, म्हणजे जादूगाराच्या अंगातला जादूचा जादा साठा, कसं उघडलं? आणि ‘लास्ट एजेस’ या जादूत सगळं आयुष्य देऊन जग एकच मिनिट मागे का गेलं? मांगा शेवटपर्यंत वाचून झालाय, तेव्हा बिनधास्त लिहा.

बोरूटाक

प्रमुखपदाचं आधी. ग्रिमुआर हार्ट या काळ्या (बेकायदा) गिल्डचा मास्टर, म्हणजे प्रमुख, हेडिस. अल्टियर त्याच्या हाताखालच्या ‘सेव्हन किन’ या सातजणांची म्होरकी होती, मास्टर नव्हे. क्राइम सोर्सिएर ही संघटना मात्र तिनं, तिनं वाढवलेल्या मेरेडीनं आणि तुरुंगातून सोडवून आणलेल्या जेलालनं मिळून उभी केली. ती ना अधिकृत गिल्ड, ना काळी. त्यामुळे ‘संस्थापक’ लिहा, ते बिनचूक आहे.

जीवनपट लावताना प्रसंगांपुढे एक रकाना टोपणनावाचा ठेवा. गालुना बेटावरचा मुखवटेवाला झाल्टी म्हणजे अल्टियरच. त्याच काळात ती मॅजिक कौन्सिलची, म्हणजे जादूगारांवर देखरेख ठेवणाऱ्या मंडळाची, सदस्यही आहे. हे वेगवेगळे धागे धरले की बर्फात कोंडलेल्या डेलिओरा राक्षसाला जागं करण्याचा खटाटोप आणि टॉवर ऑफ हेवनचं कारस्थान यांचा एकमेकांशी संबंधच लागत नाही.

दुसरी हमखास चूक वयाची. एक्स ७८४मध्ये तेनरोउ बेट काळात गोठलं तेव्हा अल्टियर आणि मेरेडी बेटाबाहेर पडल्या होत्या. एक्स ७९१पर्यंतची सात वर्षं ती जगली, तिच्या आईचा शिष्य ग्रे मात्र बेटावर तसाच गोठलेला राहिला. पुढच्या भेटीत दोघांच्या बोलण्यात जे अंतर जाणवतं ते यामुळे.

घटिकापात्र

जादूचा नियम असा: आर्क ऑफ टाइम वस्तूचा काळ पुढे-मागे करते, माणसाचा नाही. गालुनाच्या देवळात फेअरी टेल गिल्डच्या नात्सूनं जमीन फोडून देऊळ कलतं केलं, म्हणजे बर्फ वितळवणारा चंद्रप्रकाश डेलिओरावर पडूच नये. झाल्टीनं देवळाचाच काळ मागे नेला आणि ते सरळ केलं. कौन्सिलची इमारत पाडताना उलट केलं, काळ पुढे ढकलून ती जीर्ण केली.

तेनरोउवर ग्रेचं बर्फही वस्तूच, म्हणून ते तिच्यापुढे टिकत नव्हतं. ग्रेनं त्यात स्वतःचं रक्त गोठवलं आणि जादू लागू होईना. नियम समजून घेऊन केलेला हा वार मला तिच्या सगळ्या लढतींत सर्वांत पटणारा वाटतो.

झाडाचं उत्तर इथूनच मिळतं. बंदी माणसांवर आहे, आणि सेव्हन किनमधल्या आझुमानं पाडलेलं तेनरोउचं झाड तिनं उभं केलं यावरून झाडं त्या बंदीत येत नाहीत हे दिसतं. सेकंड ओरिजिनमध्येही ती माणसाला हात लावत नाही. जादूगाराच्या अंगात जादू साठवणारं जे पात्र असतं त्याची वाढ ती वेगानं घडवते. शरीराला त्या वाढीची तयारी नसते, म्हणून त्या असह्य वेदना. हा उपाय का लागला तेही नोंदवा: फेअरी टेलची मंडळी आत्म्यांच्या जगात जाऊन आली, तिथला एक दिवस म्हणजे इथले तीन महिने, आणि गिल्डांच्या स्पर्धेआधीचा सरावाचा काळ त्यातच गेला होता.

सांजसावली

म्हणजे तिला जे हवं होतं, स्वतःचं बालपण परत, ते या जादूच्या आवाक्यातच नव्हतं?

घटिकापात्र

नव्हतं, आणि म्हणूनच ती हेडिसकडे गेली. हेडिसला हवं असलेलं महाजादूचं जग आलं की आर्क ऑफ टाइम पूर्ण होईल आणि मागे जाता येईल, ही तिची आशा. लहानपणी तिला ठेवलं होतं त्या जादू-संशोधन केंद्रातल्या ब्रेननं तिच्या आईला, उर हिला, ‘मुलगी वारली’ असं खोटं सांगितलं होतं. अल्टियर पळून घरी आली तेव्हा तिला आई दोन शिष्यांबरोबर आनंदात दिसली, आणि आईनं आपल्याला टाकलं असं तिनं धरून घेतलं. खरं काय ते तिला कळलं समुद्रात, डेलिओराला कोंडण्यासाठी बर्फ झालेल्या उरच्या वितळलेल्या पाण्यातून.

आता मिनिटाकडे. लास्ट एजेस ही वस्तूंची मर्यादा ओलांडणारी जादू आहे. सगळ्या जगाचा काळ मागे जातो आणि मोबदला करणाऱ्याच्या शरीरातल्या काळानं चुकवावा लागतो. मागे फिरवायचं आहे आख्खं जग, खर्चायला आहे एका बाईचं उरलेलं आयुष्य. एवढ्यात मिनिटभरच बसलं. एवढ्याचा काय उपयोग, या समजुतीनं ती खचते. पण काळ मागे गेला तरी त्या मिनिटात काय होणार हे लोकांना आधीच दिसलं, म्हणून ड्रॅगनांच्या हल्ल्यातले वार चुकवता आले. ग्रे त्यामुळेच वाचला. नुसतं मिनिट परत मिळून ते दिसलं नसतं तर सगळे पुन्हा तसेच मेले असते. हे वाक्य गाळू नका.

बोरूटाक

एक पुरवणी. जीवनपट आयुष्य खर्चून म्हातारी झालेल्या अल्टियरपाशी संपवू नका. पुढे अल्वारेझ साम्राज्याशी झालेल्या युद्धात शत्रूकडची डिमारिया काळ थांबवते तेव्हा अल्टियर त्या थांबलेल्या काळात वेंडी आणि शेरिया या जादूगार मुलींसमोर येते. थर्ड ओरिजिन उघडून भविष्यातली सगळी ताकद आत्ता देते, आणि मोबदला म्हणून शेरियाची जादू कायमची जाते. हिशोब लास्ट एजेसचाच, फक्त या वेळी फेडणारी दुसरी. या दोन नोंदी शेजारी-शेजारी ठेवा.