चिनी टीव्ही माहितीपटात निर्माता नेमकं काय करतो?

टिपणवही
चिनी माहितीपटांच्या श्रेयनामावलीवर लिहितोय. एकाच मालिकेत छू-फिन-रन, च्येन-चर, चर-फ्येन-रन आणि नुसतं चर-फ्येन अशी पदं दिसतात. इंग्रजीत जवळपास सगळेच ‘प्रोड्यूसर’ होतात. यातला खरा निर्माता कोण? पैसे तोच उभे करतो का?

दृश्यवेध
चर-फ्येन-रन. छू-फिन-रन म्हणजे पैसा लावणाऱ्या संस्थेचा प्रमुख, च्येन-चर वरून देखरेख करणारा. शेवटचा ‘रन’ (माणूस) गळाला की पदच बदलतं: चर-फ्येन हा गाड्या, मुक्काम, परवानग्या, पावत्या बघणारा व्यवस्थापक.

या पदाला खरं वजन आलं ते सीसीटीव्ही या चीनच्या सरकारी दूरचित्रवाणीवर १ मे १९९३ला सुरू झालेल्या ‘तोंगफांग शरखोंग’ या सकाळच्या कार्यक्रमामुळे. माणसं, पैसा आणि आशय, तिन्ही निर्मात्याच्या हाती आले. खर्च जाहिरातींच्या उत्पन्नातून आणि कायम पदांबाहेरची माणसं कंत्राटावर. सामान्य माणसांवरच्या छोट्या माहितीपटांचा त्यातला विभाग छन मंग यांनी नावारूपाला आणला. म्हणजे वाहिनीतला निर्माता हा गुंतवणूकदार नव्हे. तो जबाबदारी घेतलेला संपादक असतो, आणि मला हीच त्या व्यवस्थेची ताकद वाटते.

संकलनमेज
त्या जबाबदारीचा सगळ्यात अवघड भाग म्हणजे तपासणी. ती साधारण तीन पायऱ्यांची: आधी निर्माता, मग विभागप्रमुख, शेवटी वाहिनीचे वरिष्ठ. क्रांतीचा इतिहास, राष्ट्रीय नेते, धर्म, अल्पसंख्य समाज असे विषय असतील तर चित्रीकरणाआधीच मंजुरीची वाट धरावी लागते. तो वेळ वेळापत्रकात धरला नाही की प्रसारणाची तारीख हुकते.

चूक बहुधा एकाच ठिकाणी होते. निवेदन पक्क्या आवाजात ध्वनिमुद्रित करून, संगीत मिसळून भाग वर पाठवला जातो. वरून दोन वाक्यं बदलायला सांगितली की चित्रांची लांबी सरकते आणि मिश्रण पुन्हा करावं लागतं. म्हणून जाणता निर्माता पहिली प्रत कच्च्या निवेदनासह, तात्पुरत्या संगीतावर दाखवतो.

हिशेबही त्याचाच. ५० मिनिटांचे ७ भाग म्हणजे ३५० मिनिटं. चित्रीकरण ३० पट धरलं तर १७५ तासांचं फुटेज! बोलीभाषेतल्या मुलाखती असतील तर त्या आधी प्रमाण चिनीत उतरवून घ्याव्या लागतात, नाहीतर संकलकाला कुठे कापायचं तेच कळत नाही.

टिपणवही
परदेशी विक्रीही तोच बघतो?

दृश्यवेध
मोठ्या वाहिन्यांत वेगळा विभाग असतो, पण साहित्य निर्मात्याकडूनच जातं. चिनी प्रसारणात उपशीर्षकं बहुधा चित्रातच छापलेली असतात. ती नसलेली स्वच्छ प्रत, निवेदनाविना संगीत व परिसरध्वनीचा वेगळा पट्टा आणि जुन्या फुटेजचे चीनबाहेरचे हक्क या तीन गोष्टी करार करतानाच मागून ठेवाव्या लागतात. प्रकल्प फाइली पुसल्या गेल्यावर स्वच्छ प्रत पुन्हा बनत नाही.