केंझाबुरो ओए : मुलाचं दुखणं कादंबरीत आणावं का?

निशिगंध
जपानी कादंबरीकार ओएंची 'अ पर्सनल मॅटर' वाचली आणि फार अस्वस्थ झाले. १९६३ साली त्यांना मुलगा झाला, हिकारी. कवटीत दोष, मेंदूचा भाग बाहेर आलेला. शस्त्रक्रियेने जीव वाचला, अपंगत्व राहिलं. पुढच्याच वर्षी ही कादंबरी आली. तिच्यातला बाप, बर्ड, बाळाला दुधाऐवजी साखरपाण्यावर ठेवायला कबूल होतो, म्हणजे ते आपोआप जाईल. स्वतः मैत्रिणीकडे पडून आफ्रिकेची स्वप्नं बघतो. उद्या त्या मुलाला कुणी हे वाचून दाखवलं तर? नंतरच्या कितीतरी पुस्तकांतही तोच मुलगा आहे. त्याला कुणी विचारलं होतं?

सांजवारा
प्रश्न रास्त आहे, पण पुस्तकात उघडा पडतो तो बाप. स्वतःच्या मनातलं इतकं काळं कोण लिहितं? त्याच वर्षीची त्यांची 'अघ्वी' ही कथाही वाचा. तिथला बाप बाळाला खरंच मरू देतो, आणि शवविच्छेदनात कळतं की बाळाच्या डोक्यावर होती ती साधी गाठच होती. मग कांगारूएवढं थोरलं बाळ, पांढऱ्या झबल्यातलं, आभाळातून त्याच्याकडे उतरत राहतं. असा लेखक मुलाचं भांडवल करत नसतो.

काठावरचा
माझा आक्षेप शेवटावर. बर्डला ऐनवेळी उपरती होते आणि चार पानांत सगळं मार्गी लागतं. जपानी लेखक मिशिमांनीही या शेवटावर टीका केली होती. मला ती पटते.

सांजवारा
मला अजिबात नाही. शस्त्रक्रियेला हो म्हटलं की जन्मभराचं सांभाळणं सुरू होतं. यात सुखान्त कुठे आला?

निशिगंध
मूळ मुद्दा राहिलाच. १९९४च्या नोबेल भाषणात ओएंनी सांगितलं, की हिकारी माणसांच्या नाही, पक्ष्यांच्या आवाजाला प्रतिसाद द्यायचा. सहा वर्षांचा असताना तळ्याकडून पाणपक्ष्यांची साद आली आणि त्याने पक्ष्यांच्या आवाजांच्या रेकॉर्डवरच्या निवेदकाच्या सुरात त्यांचं नाव सांगितलं. पुढे तो संगीतकार झाला. त्या संगीतात आपल्याला रडणाऱ्या, अंधारलेल्या जीवाचा आवाज ऐकू येतो, असंही ओए म्हणाले. म्हणजे ते दुःख बापाला मुलाच्या सुरांतून कळलं. मग आधीची तीस वर्षं ते कुणाचं मन लिहीत होते?

सांजवारा
स्वतःचं. 'अ पर्सनल मॅटर'मध्ये बाळाच्या मनातलं एक वाक्यही नाही. तेवढी मर्यादा त्यांनी पाळली, म्हणून मी त्यांच्या बाजूने आहे.