डॉक्टरांचं प्रेम म्हणजे कामचुकारपणा? पटलं नाही

रामबागवाली: माळवी_माणूस यांनी काल लिहिलं की दवाखान्यातलं प्रेम फक्त सिरियलीत असतं, खऱ्या डॉक्टरांना वेळच नसतो आणि ज्यांना मिळतो ते पेशंट वाऱ्यावर सोडतात. वाचून डोकंच फिरलं. माझ्या ताईचं लग्न इथेच इंदुरात पीजी करताना जमलं, ती सर्जरीत, जिजाजी भूलतज्ज्ञ, दोघं एकाच बॅचचे. ऑपरेशन उरकून पहाटे सरवटे बस स्टँडवर पोहे खायचे, तेवढंच काय ते फिरणं. दिवसरात्र जी माणसं वॉर्डातच असतात ती दुसरीकडे कुठे प्रेम करणार हो? टेबलावर पेशंट गेला की ताई घरी कुणाशी बोलायची नाही, फक्त जिजाजींशी बोलायची. याला कामचुकारपणा म्हणता?

माळवी_माणूस: ताईंचं छान झालं, पण सगळे एका बॅचचे नसतात ना. ती अमेरिकन सिरियल ग्रेज ॲनाटॉमी २००५ पासून काय दाखवतेय, इंटर्न मेरेडिथ आणि तिच्या वरचा सर्जन डेरेक, आणि लोकांना ते गोड वाटतं. इथे वरच्याच्या हातात पोरीच्या थिसिसची सही असते, तिथे ती नाही कशी म्हणेल?

निवृत्त_सिस्टर: सगळे डॉक्टर डॉक्टरच करताय. १९६० च्या ‘दिल अपना और प्रीत पराई’त मीनाकुमारी नर्स होती आणि तीच हिरॉईन होती, आताच्या सिरियलीत सिस्टर ट्रे ठेवते नि निघून जाते. आमच्या वॉर्डात एका सिस्टरचं नि डॉक्टरचं जमलं, दोघंही बिनलग्नाचे, तरी बदली झाली ती सिस्टरची. मेट्रननी बोलणीही तिलाच सुनावली, त्याला कुणी एक शब्द विचारला नाही.

नाइट_ड्यूटी: वेळ नसतो हे मात्र खरंय. निवासी डॉक्टरांसाठीच्या केंद्राच्या १९९२ च्या रेसिडेन्सी स्कीममधे दिवसाला १२ तास, आठवड्याला ४८ असं लिहिलंय, आम्ही सलग ३६ करतो. माझं ठरलेलं लग्न यातच मोडलं, फोन उचलायची शुद्ध नसायची.

माळवी_माणूस: विषय प्रेमाचा चाललाय, ड्यूटीचा वेगळा धागा काढा.

नाइट_ड्यूटी: का काढू? पेशंट वाऱ्यावर प्रेमामुळे सुटतो म्हणालात तुम्ही! ३० तास जागलेल्या माणसाच्या हातून चुका होतात त्यावर लिहा की एक पोस्ट. रोस्टर लावणारे घरी झोपतात आणि बोलणी आम्ही खायची.

निवृत्त_सिस्टर: रोस्टरचं आम्हाला नका सांगू भिया, रात्रपाळीला अख्ख्या वॉर्डाला दोन सिस्टर असायच्या. तुम्ही निदान पुढे कन्सल्टंट व्हाल.

नाइट_ड्यूटी: म्हणून आत्ता मरायचं का?

रामबागवाली: भांडू नका. सहीचा मुद्दा मला मान्य आहे, सही करणारा तो आपला गाईड असेपर्यंत नकोच, जमलंच तर आधी गाईड बदलून घ्यावा. आणि जबरदस्तीसाठी कामाच्या जागी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्धचा २०१३ चा कायदा आहेच, दहा माणसं जिथे कामाला तिथे तक्रार समिती हवीच.

माळवी_माणूस: समितीत त्याच एचओडीचे, म्हणजे विभागप्रमुखाचे, दोस्त बसले तर? आणि तक्रार तीन महिन्यांत करायची, परीक्षा तोंडावर असताना कोण करेल? बाकी ठीक आहे, बरोबरीच्या माणसांना मी कामचुकार म्हणायला नको होतं, तेवढं मागे घेतो.

निवृत्त_सिस्टर: आणि सिस्टरच्या बदलीचं? त्यावर अजून कुणी काहीच बोललं नाही.