एमा डेस्टिनोवा : १९१६ मध्ये मायदेशी परतल्यामुळे तिची कारकीर्द खंडित झाली का?

प्रश्न – दांडियाबाजार_श्रोता

दर महिन्याच्या शेवटच्या रविवारी वडोदऱ्यातील आमच्या घरी दहा-बारा मंडळी जुन्या ध्वनिमुद्रिका ऐकण्यासाठी जमतात. बहुतेक वेळा फैयाज खाँसाहेब किंवा बडोदे दरबारच्या गायिका लक्ष्मीबाई जाधव यांचे गाणे लावले जाते. मागील खेपेस माझ्या पुतणीने प्रागहून आणलेली २००० कोरुनांची नोट सर्वांना दाखवली. तिच्यावर एमा डेस्टिनोवा या चेक ऑपेरा-गायिकेचे चित्र आहे. देशाच्या चलनावर गायिकेला स्थान मिळते, याचे आम्हा सर्वांना फार अप्रूप वाटले आणि पुढचे सत्र तिच्यावरच करावे असे ठरले.

तिच्याविषयी वाचताना एका ठिकाणी मी अडखळलो. १९०८ ते १९१६ या काळात न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरात अग्रभागी असलेली ही गायिका ऐन महायुद्धात बोहेमियाला (तेव्हा ऑस्ट्रियाच्या अमलाखालील चेक प्रांतात) परत का गेली, आणि युद्धानंतर तिला पूर्वीचे स्थान का मिळाले नाही? शिवाय ख्यालगायकीवर कान तयार झालेल्या श्रोत्यांना तिच्या कोणत्या ध्वनिमुद्रिका आधी ऐकवाव्यात, हेही जाणकारांनी सांगावे.

उत्तर १ – सूरसागर_काठ

आपल्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर तिच्या आरंभीच्या वर्षांपासून शोधावे लागेल. तिचा जन्म २६ फेब्रुवारी १८७८ रोजी प्रागमध्ये झाला आणि तिचे मूळ नाव एमिली किटलोवा. लहानपणी ती व्हायोलिन शिकत असे. गाण्याचे शिक्षण तिने मारी लोवे-डेस्टिन यांच्याकडे घेतले आणि रंगभूमीवर गुरूचेच आडनाव धारण केले. गुरूचे नाव असे आयुष्यभर मिरवणे आपल्याकडील शिष्यांना वेगळे समजावून सांगायला नको. १८९८ मध्ये बर्लिनमध्ये ‘काव्हालेरिया रुस्तिकाना’तील सांतुझ्झाच्या भूमिकेतून ती प्रथम रंगमंचावर आली. १९०१ मध्ये जर्मनीतील बायरॉइटच्या वाग्नर महोत्सवात ‘फ्लाइंग डचमन’ पहिल्यांदा सादर झाला तेव्हा सेंटाची भूमिका तिने गायली, १९०५ मध्ये लंडनला ‘मादाम बटरफ्लाय’चा पहिला प्रयोग तिने विख्यात इटालियन गायक कारुसोबरोबर केला, आणि १० डिसेंबर १९१० रोजी पुचीनीच्या ‘ला फांचुल्ला देल वेस्ट’ या ऑपेराच्या जगातील पहिल्या प्रयोगात, वाद्यवृंदसंचालक तोस्कानिनींच्या संचालनाखाली, मिनीची भूमिका केली.

हे सारे यश जर्मन आणि इटालियन भाषांत मिळालेले होते, ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. १९०९ मध्ये मेट्रोपॉलिटनला स्मेतानाचा ‘विकलेली वधू’ हा चेक ऑपेरा वाद्यवृंदसंचालक माहलर यांनी बसवला आणि मार्झेंकाची भूमिका हिने केली, पण तीही जर्मन भाषांतरातून. मातृभाषेतील गाणे परक्या भाषेत गावे लागलेल्या या गायिकेचा जीव चेक राष्ट्रीय चळवळीत गुंतला होता. १९१४ मध्ये तिने दक्षिण बोहेमियात, नेझारका नदीकाठी, स्त्राझ येथील वाडा विकत घेतला. १९१६ मध्ये ती परतली तेव्हा चळवळीशी असलेल्या संबंधांमुळे ऑस्ट्रियन सरकारने तिचे पारपत्र जप्त केले आणि त्याच वाड्यात तिला स्थानबद्ध केले. तिचा साथीदार, फ्रेंच बॅरिटोन (मध्यम पट्टीचा पुरुष गायक) दिन जिली, शत्रुराष्ट्राचा नागरिक म्हणून तोही तेथेच अडकला. वयाची अडतीस ते चाळीस ही वर्षे अशी गेली. सोप्रानोच्या (उंच पट्टीत गाणाऱ्या गायिकेच्या) आयुष्यात ती वर्षे किती मोलाची असतात, हे गाणाऱ्यालाच कळेल.

उत्तर २ – मौलाबक्ष_परंपरा

वरील माहितीशी मी सहमत आहे, परंतु सगळा दोष स्थानबद्धतेवर टाकणे मला पटत नाही. १९१९ मध्ये ती मेट्रोपॉलिटनला परतली तेव्हा तेथील चित्र पालटले होते. क्लाउडिया मुत्सिओ ही सोप्रानो १९१६ पासून तेथे गात होती, आणि रोझा पॉन्सेल १९१८ च्या नोव्हेंबरमध्ये कारुसोबरोबर पहिल्यांदा उभी राहिली ती एकविसाव्या वर्षी. व्हर्दीच्या ऑपेरातील आइडासारख्या भूमिकांसाठी ताजे आवाज हाताशी असताना कोणतीही संस्था तीन वर्षे रिकामी जागा राखून ठेवत नाही. थोड्याच काळात, १९२१ मध्ये, मोरावियात जन्मलेली मारिया येरित्सा तेथे आली आणि प्रेक्षकांनी तिला उचलून धरले. ती चेकच भूमीतली, हे विशेष.

 

उत्तर ३ – तबकडी_संग्राहक

आपल्या दुसऱ्या प्रश्नाविषयी लिहितो. तिच्या ध्वनिमुद्रिका दोनशेहून अधिक आहेत, परंतु त्या विजेवर चालणाऱ्या मायक्रोफोनपूर्वीच्या आहेत. त्या काळी गायक कर्ण्यासमोर उभा राहून गात असे आणि आवाजाच्या कंपनाने हलणारी सुई थेट मेणावर खाचा कोरत असे. या पद्धतीत वरचे स्वरांश (मूळ सुरासोबत उमटणारे उंच सूर) टिपले जात नसत, म्हणून स्त्रियांचे उंच आवाज बारीक ऐकू येतात, आणि तारस्वर घेताना सुई उडू नये म्हणून गायिकेला कर्ण्यापासून मागे सरावे लागे. तेव्हा पहिल्यांदा ऐकताना आवाजाच्या भरदारपणापेक्षा स्वराच्या लगावाकडे आणि शब्द उच्चारण्याच्या तिच्या पद्धतीकडे लक्ष द्यावे.

आरंभ द्वोर्झाकच्या ‘रुसाल्का’तील चंद्राला उद्देशून म्हटलेल्या गीताने करावा, कारण तेथे ती आपल्या भाषेत गाते आणि संथ, लांब सुरांच्या ओळी ख्यालाच्या श्रोत्याला लगेच जवळच्या वाटतात. त्यानंतर १९१४ मध्ये कारुसोबरोबर ध्वनिमुद्रित केलेले, गोमेसच्या ‘इल ग्वारानी’तील युगलगीत लावावे. दोन मोठे आवाज एकमेकांना जागा देत कसे पुढे जातात हे त्यात स्पष्ट कळते. लक्ष्मीबाईंनी तीन मिनिटांत राग कसा मांडला हे ज्यांनी ऐकले आहे, त्यांना तबकडीच्या मर्यादेत गाणे बसवण्याचे तिचे कौशल्य वेगळे सांगावे लागणार नाही.

दांडियाबाजार_श्रोता

आपणा तिघांचाही मी मनःपूर्वक आभारी आहे. सत्राचा आरंभ ‘रुसाल्का’नेच करीन, आणि त्याआधी त्या गीताचा मराठी अर्थ वाचून दाखवीन. निवृत्तीनंतर ती स्त्राझलाच राहिली, कविता आणि कादंबऱ्या लिहीत, नेझारकेत मासे पकडत राहिली, आणि २८ जानेवारी १९३० रोजी वयाच्या एक्कावन्नाव्या वर्षी चेस्के बुद्येयोवित्से येथे वारली, एवढे मी काल वाचले. तिचे दफन प्रागच्या व्हिशेह्राद दफनभूमीत झाले, जेथे स्मेताना आणि द्वोर्झाकही आहेत. पुतणी पुन्हा प्रागला जाणार आहे. तेथे सोनचाफ्याची नाही तरी गुलाबाची दोन फुले वाहायला मी तिला सांगितले आहे.