शब्दचर्चा : एकटा तिघांशी भिडतो, त्याला काय म्हणायचं?

खिंडीतला
दोन दिवस एका शब्दावर अडलोय, म्हणून हा धागा. माझा एक मित्र ‘मॉर्डहाऊ’ हा गेम खेळतो आणि त्याचे व्हिडिओ टाकतो. निवेदन मराठीत, आणि ते लिहून देणं माझ्या गळ्यात पडलंय. गेम तलवारी, भाले, कुऱ्हाडींचा. २०१९ साली आला. मोठ्या सामन्यात एका मैदानावर साठाहून जास्त जण, दोन बाजू, आणि सगळा मामला हाताच्या अंतरावरचा. धुमश्चक्रीत आपल्या बाजूचे पडतात, आपण एकटे उरतो आणि समोरून तीन-चार जण चालून येतात. खेळणारे याला ‘वन व्ही एक्स’ म्हणतात, म्हणजे एक विरुद्ध कितीही. समोर तिघे असले की ‘वन व्ही थ्री’. ‘काल एक वन व्ही फोर काढला’ असं वाक्य त्यांच्या तोंडी सहज येतं. याला मराठी काय? कोशात शोभणारा नको, धावत्या निवेदनात तोंडात बसणारा हवा.

ता. क. जवळून होणाऱ्या अशा लढाईला गेमवाले ‘मेले’ म्हणतात, त्या फ्रेंच शब्दाचं काय करायचं तेही सांगा. पहिल्या व्हिडिओत मी ‘मेले लढाई’ लिहिलं होतं. मित्राच्या आईने विचारलं, ‘कोण मेले?’

कोशातली मुंगी
तुमच्या ‘मेले’ला आपल्याकडे जुना आणि नेमका शब्द आहे : हातघाई. ‘लढाई हातघाईवर आली’ म्हणजे बाण, बंदुका संपल्या, आता तलवारी. हल्ली तो शब्द सभेतल्या धक्काबुक्कीपुरता उरलाय, पण मूळ अर्थ रणांगणातलाच. ‘हातघाईचे गेम’ म्हणा, कोणी अडवणार नाही.

एकट्या लढणाऱ्यासाठी ‘एकांडा’ कसा वाटतो? एकांडा शिलेदार. शिलेदार म्हणजे ज्याचा घोडा आणि हत्यार स्वतःचं. बारगिराला दोन्ही सरकारातून मिळत. त्यात हा एकांडा, म्हणजे कुणाच्या पथकात नाही.

खिंडीतला
हातघाई घेतला, आभार. एकांडा मलाही सुचला होता, पण अडतो. एकांडा हा स्वभाव आहे. माणूस एकांडा असतो तो लढाई सुरू होण्याआधीपासून. आमचा गडी चांगला तीसेक जणांच्या बाजूत होता, एकटा पडला तो मधेच. मला प्रसंगाचं नाव हवंय, माणसाचं नाही.

पेंगुळलेला
‘एकास तीन’ म्हणा की. सुटसुटीत.

गवंडीआळी
घराचं काम चालू आहे का तुमच्याकडे? ‘एकास तीन’ ऐकलं की मला सिमेंट आणि वाळूच दिसते.

तिसरी घंटा
चक्रव्यूह! यापेक्षा आपला शब्द कुठे मिळणार? एकटा अभिमन्यू, भोवती सहा महारथी. आणि ‘महारथी’ तर तुमच्या गेमसाठीच घडवल्यासारखा शब्द आहे. जुनी व्याख्या अशी की दहा हजार धनुर्धरांशी जो एकटा लढेल तो महारथी. म्हणजे ‘वन व्ही टेन थाउजंड’.

कोशातली मुंगी
व्याख्या बरोबर आहे. पण आज ‘महारथी’ म्हटलं की वाचकाला निवडणुकीतले बडे उमेदवार आठवतात, आणि तेही पडलेले : ‘अनेक महारथींना धूळ चारली’. शब्दाची रया गेली.

खिंडीतला
चक्रव्यूह इथे थोडा चुकतो. व्यूह म्हणजे आखलेली रचना. हातघाईच्या गेममध्ये समोरच्या तिघांची रचना वगैरे काही नसते. प्रत्येकाला तुम्हाला मारल्याचं श्रेय हवं असतं, आणि त्या घाईत ते एकमेकांनाच मारतात. हे मी गमतीने म्हणत नाही. मॉर्डहाऊत आपल्या माणसाचा वारही आपल्याला लागतो, त्यामुळे एकट्याचं पहिलं कसब म्हणजे एका शत्रूला कायम स्वतःच्या आणि बाकीच्यांच्या मधे ठेवणं. मागच्याने उत्साहाने कुऱ्हाड फिरवली की ती पुढच्याच्या पाठीत. तिघांत घोळक्याचं बळ असतं तसा घोळक्याचा घोळही असतो.

अभिमन्यू मात्र मला वेगळ्या कामासाठी हवाय. काही जण जोशात एकटेच पुढे घुसतात, मागची माणसं दारातच अडवली जातात आणि हे आत सापडतात. जयद्रथाने पांडवांना अडवलं ते हेच. तेव्हा ‘अभिमन्यू होणे’ : मदत येण्याआधी आत शिरून अडकणे. मित्राला हा फार आवडला, कारण त्याचं दर दुसऱ्या सामन्यात होतं.

मातीचं मैदान
मी गेम खेळत नाही, पण धागा वाचून राहवेना. अहो, एकटा विरुद्ध अनेक हा खेळ आपण पिढ्यान्पिढ्या खेळतोय, आणि त्याचे शब्द रोज वर्तमानपत्रात छापून येतात. कबड्डी! चढाई करणारा एक, समोर सात, तीस सेकंद आणि एक दम.

तुम्ही ‘एकाला मधे ठेवा’ म्हणता ते चढाईच्या पहिल्या धड्यातलं आहे. सातही जण डोळ्यांपुढे राहिले पाहिजेत. कोपरारक्षक पाठीमागे गेला की खेळ संपला. म्हणून चढाईवाला सरळ आत जात नाही, तिरका जातो, एका बाजूला सरकतो, आणि बचावाची साखळी ताणली जाऊन तिच्यातले दोघेच जवळ राहतात. उरलेले पाच मैदानात असून नसल्यासारखे. तुमच्या त्या गेममध्ये पायांचं असंच काही असतं का?

खिंडीतला
असंच असतं! वार अडवणं हे सगळ्यांना दिसतं, पण जिंकणारा जिंकतो पायांवर. तिघे अर्धवर्तुळात आले की तो एका टोकाकडे चालू लागतो, टोकाच्या माणसाच्याही बाहेरून. मग अर्धवर्तुळाची रांग होते. आम्ही आपसात ‘रांग लावणे’ म्हणतो. आता पायांच्या या हालचालीला काय म्हणायचं?

मातीचं मैदान
पवित्रा. आज संघटना ‘आंदोलनाचा पवित्रा’ घेतात, पण शब्द आखाड्यातला, कुस्ती आणि पट्ट्याच्या हातांतला. पाय कुठे रोवायचा, अंग कसं वळवायचं, तो पवित्रा. कोल्हापूरकडे मर्दानी खेळ शिकवतात तिथे आजही वस्तादाचं लक्ष आधी पोराच्या पायांकडे जातं, मग हाताकडे.

आणि वार करतोय असं दाखवून न करणं, त्याला ‘हूल’. हूल देणे. ‘फेंट’ लिहू नका, लोकांना फेटा वाटेल.

अपूर्णांक
रांग लावण्यावरून एक हिशेब. समजा चौघेही सारखेच तरबेज आहेत आणि एकाला पाडायला एक मिनिट लागतं. तिघे एकदम अंगाशी आले तर पहिल्या मिनिटात तुम्ही तिघांचे वार खाता, दुसऱ्यात दोघांचे, तिसऱ्यात एकाचे. एकूण सहा माणूस-मिनिटं. तेच तिघे रांगेत आले तर एक, एक, एक, म्हणजे तीन. मैदान तेच, माणसं तीच, आणि नुसत्या उभं राहण्याच्या जागेने संकट निम्मं झालं.

फ्रेडरिक लँचेस्टर या इंग्रज अभियंत्याने १९१६ साली मोठ्या सैन्यांसाठी हेच मांडलं. सगळ्यांना सगळ्यांवर मारा करता येत असेल तर संख्येचं बळ वर्गाने वाढतं, तिप्पट सैन्य नऊपट भारी. पण एका वेळी एकालाच एक भिडू शकत असेल तर तिप्पट हे तिप्पटच राहतं.

धागाकर्त्याने टोपणनाव उगाच घेतलेलं नाही. जुलै १६६० मध्ये बाजीप्रभूंनी घोडखिंड धरली तिचं गणित हेच, वर्गाच्या हिशेबातून बाहेर पडून सरळ रेषेत येणं. आणि फेब्रुवारी १६७४ मध्ये नेसरीला प्रतापराव गुजर सहा जणांना घेऊन बहलोलखानाच्या फौजेवर गेले, तिथे जागा धरून उभं राहणं नव्हतं, थेट चाल होती. पराक्रमाची तुलना करत नाहीये, रागावू नका.

तिसरी घंटा
रागावलो नाही, पण नेसरी एका टोपणनावाच्या खाली ‘हिशेब’ म्हणून वाचताना कसंसंच झालं.

दार लावून घ्या
मी ‘फॉर ऑनर’वाला. २०१७ चा गेम, सरदार, व्हायकिंग आणि सामुराई एकमेकांशी लढतात. तिथे गंमत अशी की एकट्या पडलेल्याला गेमच मदत करतो. घेरलेल्या अवस्थेत तुम्ही वार अडवत गेलात, खात गेलात, की एक मोजपट्टी भरत जाते. ती भरली की काही क्षण अंगात संचारल्यासारखं बळ येतं आणि भोवतीचे कोलमडतात. इंग्रजीत त्याला ‘रिव्हेंज’ म्हणतात. मी निवेदनात ‘सूड’ म्हणून पाहिलं, जमलं नाही. सूड थंड डोक्याने, वर्षांनी घेतात. हे तर तिथल्या तिथे होतं.

कोशातली मुंगी
मग ‘उसळी’? किंवा तुम्हीच लिहिलंत ते, ‘संचार’. ‘त्याच्या अंगात आलं’ हे मराठी माणसाला वेगळं समजावून सांगावं लागणार नाही.

दार लावून घ्या
अंगात आलं! घेतला. पोतराजाच्या आसूडासकट.

खिंडीतला
‘अंग’ आलंच आहे तर सांगतो. काल मित्र शेजारी खेळत होता. मी मुद्दाम कान देऊन बसलो होतो, की घाईत याच्या तोंडून काय निघतं. ऐन वेळी तो ओरडला, ‘तिघांना अंगावर घेतोय, थांब!’ मी इथे चक्रव्यूह आणि महारथी करत बसलो होतो, आणि शब्द त्याच्या तोंडात होता. अंगावर घेणे.

कोशातली मुंगी
झकास. नाम शोधत होतात, मिळालं क्रियापद. मराठीत बरेचदा असं होतं, इंग्रजी जिथे वस्तू करून ठेवते तिथे आपण काहीतरी करत असतो. एकच सावधगिरी : अंगावर घेणे म्हणजे शालही घेतात, कामही घेतात. शत्रू घेतले हे वाक्यात दिसू द्या. राजकारणात याचंच खिल्लारी रूप आहे, ‘शिंगावर घेणे’. तेही चालेल. ‘अंगावर काढणे’ मात्र नको, ते तापाचं.

पण हा प्रसंगाचा आरंभ झाला. तो तिघांना भारी पडला तर काय म्हणणार?

पेंगुळलेला
पुरून उरला.

खिंडीतला
पेंगुळलेले भाऊ, तुम्ही झोपेत बोलता आणि आमची रात्र सार्थकी लागते. ‘तो चौघांना पुरून उरला.’ आकडा घाला, काढा, वाक्य मोडत नाही. एक्सच्या जागी काहीही बसतं.

दार लावून घ्या
हा तर गेमसाठीच आहे. शत्रूंना जमिनीत पुरलं आणि स्वतः उरला!

कोशातली मुंगी
नाही हो! हा गैरसमज आता इतका पसरलाय की जरा थांबून लिहिते. मराठीत ‘पुरणे’ दोन आहेत. एक जमिनीत गाडणे. दुसरा पुरेसा होणे, ‘एवढं पीठ आठ दिवस पुरेल’ यातला. ‘पुरून उरणे’ दुसऱ्याचा. ‘पंगत उठली तरी भात पुरून उरला’, म्हणजे सगळ्यांना पुरला आणि वर शिल्लक राहिला. तसा एक माणूस चार शत्रूंना ‘पुरला’, चौघांच्या वाट्याला आला, आणि तरी शिल्लक राहिला. विचार करून बघा, केवढी उलटी प्रतिमा आहे. वाढणारे ते, वाढलेलं ताट हा, आणि तो संपतच नाही.

अपूर्णांक
व्याकरणावरून फरक लावता येईल का? ‘चौघांना’ दोन्ही अर्थांत बसतं, गाडलं तरी ‘चौघांना’, पुरला तरी ‘चौघांना’.

कोशातली मुंगी
तिथेच तर गोची आहे. एरवी भूतकाळात फरक दिसतो, ‘त्याने चौघांना पुरलं’ आणि ‘तो चौघांना पुरला’. पण ‘पुरून’ या रूपात कर्ता लपतो, आणि पुढचं ‘उरला’ दोन्हीकडे सारखंच. म्हणून चुकीचा अर्थ आरामात राहतोय. आमच्या घरचीच मुलं ‘गाडून’ असं समजतात. व्याकरण त्यांना पकडू शकत नाही, भाताची पंगत पकडते.

दार लावून घ्या
म्हणजे गेममध्ये मी आजवर भात होतो.

खिंडीतला
निवेदन असं लिहून दिलंय : ‘इथे आपली बाजू पडली. आता बघा, तिघांना अंगावर घेतो. डावीकडे सरकतोय, रांग लावतोय. हूल दिली, पहिला गेला. मागच्याचा वार मधल्याला. आणि हा पुरून उरला!’ मित्राने वाचलं, खूश झाला, मग विचारात पडला. म्हणाला, दहातले नऊ वेळा मी मरतो, तेव्हा काय म्हणायचं?

पेंगुळलेला
पुरला.

दार लावून घ्या
कुठला? भाताचा की जमिनीतला?